उलटा बसणारा तुआन

तुआन हॅलमची, म्हणजे हॅलम साहेबाची, होडी अजून माझ्या खांबांवरच्या घराखाली आहे. खांबांना वेताचे दोन फास बांधून मी ती आडवी टांगली आहे. कोंबड्या तिच्यावर चढून बसतात, आणि सपिया, माझी बायको, दर सणाला विचारते की हे लांबडं धूड चुलीत घालायचं का. या होडीपायी मी एका माणसाला फसवलं आणि दुसऱ्याशी पंधरा वर्षं अबोला धरला. दोन्ही वेळा चूक माझीच होती, पण ते कळायला मला म्हातारं व्हावं लागलं.

ती आली तेव्हा मी तिशीचा होतो. वाफेच्या बोटीतून एक लांबलचक पेटी उतरली, सहा माणसांनी ती धक्क्यावर आणली. आमच्या गावचा मुखिया पंगुलू बिदिन लगबगीनं पुढे झाला आणि टोपी सावरत विचारू लागला, कोण वारलं म्हणून. पेटी उघडली तर आत गवत, आणि गवतात होडी. इतकी पातळ, की टिचकी मारली तर आतून आवाज यावा. हॅलम साहेब नुकताच आमच्या तेलाई नदीचा अधिकारी म्हणून आला होता. तंटे मिटवायचे, रस्ते आखायचे, सुलतानाला सल्ला द्यायचा आणि सुलतानानं तो हसतमुखानं ऐकून विसरायचा, असं त्याचं काम. माणूस ताडासारखा उंच, हात गुडघ्यापर्यंत आणि तोंडात शब्द मोजके.

त्यानं होडी पाण्यात सोडली, आत बसला, आणि बसला तो पाठ पुढे करून. जायचं नदीच्या वर आणि तोंड नदीच्या खाली. काठावरच्या बायका तोंडाला पदर लावून हसायला लागल्या.

"जायचंय कुठे आणि बघतोय कुठे," देरामान म्हणाला. देरामान माझा लहानपणापासूनचा सोबती, छपरं शाकारण्याचं काम करायचा आणि जीभ मात्र चोवीस तास कामाला लावायचा. "बायकोनं घराबाहेर काढलेलं दिसतंय. अजून वळून वळून बघतोय, हाक मारते का ते."

मग तुआननं दोन्ही वल्ही एकदम ओढली, आणि आमचं हसणं तिथंच थांबलं. मी नदीवर जन्मलो, नदीवरच वाढलो, पण पाण्यावरून कोणी असं गेलेलं पाहिलं नव्हतं.

त्याला पुढचं दिसत नसे, म्हणून मागून कोणीतरी डोणीतून जायचं आणि ओंडका, मगर, जाळ्याचे खुंट दिसले की ओरडून सांगायचं, असं ठरलं. ते काम माझ्याकडे आलं. रोज पहाटे तो पुढे आणि मी मागे. माझी डोणी जड, म्हणून तो माझ्यासाठी सावकाश जायचा. तो मागे बघायचा, मी पुढे बघायचो. म्हणजे नऊ वर्षं रोज आम्ही एकमेकांच्या तोंडाकडे बघत नदी चढलो आणि उतरलो. बोललो किती म्हणाल तर "डावीकडे ओंडका" आणि "बरं".

त्याच्या बंगल्यात दारावर एक वल्हं आडवं लावलेलं होतं. पातं निळं आणि त्यावर सोनेरी अक्षरं. देरामान म्हणायचा, ते थडग्यावरचं लाकूड आहे, रात्री त्याखालून जाऊ नये. एकदा पावसानं पहाटेची फेरी राहिली तेव्हा मीच धीर करून विचारलं.

"ही नावं कोणाची, तुआन?"

"माझ्या नावेतली माणसं," तो म्हणाला. आमची भाषा तो मुलासारखी बोलायचा, बरोबर पण तुकड्या तुकड्यांनी. "आठ जण वल्ही मारायचे. नववा बुटका, तो फक्त ओरडायचा."

"म्हणजे माझं काम करायचा तो."

"तू त्याचं करतोस," तुआन म्हणाला, आणि थोडंसं हसला.

त्याचा बाप धर्मगुरू होता. पोरगाही धर्मगुरू होईल म्हणून त्यानं त्याला मोठ्या विद्यापीठात घातलं. पोरानं पुस्तकाऐवजी वल्हं धरलं, परीक्षेत आपटला, आणि घरच्यांनी त्याला सात समुद्रांपलीकडे नोकरीला लावून दिलं. पण त्याआधी एकदा, राजधानीच्या नदीवर, दुसऱ्या विद्यापीठाच्या नावेशी त्यांची शर्यत झाली होती. दोन्ही काठांवर हजारो माणसं होती म्हणे. त्याची नाव हरली, अर्ध्या नावेच्या अंतरानं.

"मी सातव्या जागेवर," त्यानं सांगितलं. "समोर एकाची पाठ, बस. कोणाचं तोंड दिसायचं नाही. पण आलांग, तेवढा वेळ मी एकटा नव्हतो. त्यानंतर..." तो खिडकीतून पाऊस बघत बसला. टपाल आलं की तो कधी कधी त्या पात्याखाली उभा राहून एखाद्या नावावर बोट ठेवायचा आणि म्हणायचा, "हा गेला." एक हिंदुस्थानात तापानं गेला, एक घोड्यावरून पडून. एकाला सहा मुलं झाली आणि तो फार जाडा झाला. "तोही गेलाच म्हणायचा," असं तुआन म्हणाला. संध्याकाळी तो काळा कोट घालून एकटाच जेवायला बसायचा. समोरच्या तीन खुर्च्या रोज पुसून ठेवलेल्या असायच्या, कोणी यायचं नसलं तरी.

आता शर्यतीचं सांगतो. भात घरात आलं की आमच्याकडे डोण्यांच्या शर्यती होतात, वीज पडलेल्या झाडापासून मशिदीच्या धक्क्यापर्यंत, एकेका माणसाच्या. पहिल्याच वर्षी तुआननं विचारलं, मी उतरू का. त्याच्या डोळ्यांत अशी काही हाव होती की पंगुलूला नाही म्हणवेना. पण त्या संध्याकाळी पंगुलूनं आम्हा सगळ्यांना मशिदीच्या ओट्यावर बसवलं.

नदीची रीत अशी की राजाची किंवा राजाच्या माणसाची नाव पुढे असेल तर ती ओलांडायची नाही. ओलांडणाऱ्याचं पोट फुगतं. माझ्या आजोबांनी असा एक माणूस पाहिला होता. मला विचाराल तर त्याला जलोदर असेल, पण ओट्यावर मला कोणी विचारलं नाही.

"तो पुढे जाईल, तुम्ही मागे राहाल," पंगुलू म्हणाला. "पण त्याला कळता कामा नये, नाही तर त्याचा अपमान. वल्हं पाण्यात जाऊ दे, जोर लावू नका. वरून सगळं तेच दिसलं पाहिजे."

"आणि कळलं तर?" देरामाननं विचारलं.

"गोऱ्याला काय कळतंय."

आम्ही ते काम अगदी मन लावून केलं. दात खायचे, कण्हायचं, घाम गाळायचा. देरामान तर धक्क्याला लागल्यावर उताणा पडायचा आणि पाणी मागायचा. तुआन जिंकायचा. बक्षिसाचं रेशमी साराँग, म्हणजे आमची लुंगी, तो दुसऱ्या आलेल्याला देऊन टाकायचा. पहिल्या वर्षी तो वीज पडलेल्या झाडापासून निम्म्या वाटेपर्यंत हसत होता, ते मी पाहिलं. धक्क्याला लागला तेव्हा हसत नव्हता. पुढच्या आठ वर्षांत तो दरवेळी उतरला, दरवेळी जिंकला, दरवेळी प्रत्येकाचा हात हातात घेऊन "चांगली शर्यत झाली" म्हणाला, आणि एकटाच बंगल्याकडे चालत गेला. आम्हाला वाटलं, गोरा माणूस, जिंकला की शिष्ट होतो.

नवव्या वर्षी त्याची प्लीहा वाढली. डोळे पिवळे पडले, हातापायांच्या काड्या झाल्या. वरून हुकूम आला की घरी जा. बोट यायला चार दिवस होते तेव्हा त्यानं मला बंगल्यावर बोलावलं. वल्हं दारावरून उतरवून गोणपाटात गुंडाळलेलं होतं.

"आलांग, उद्या पहाटे माझ्याशी शर्यत कर. झाडापासून धक्क्यापर्यंत. तू आणि मी, तिसरं कोणी नाही."

"करतो की, तुआन."

"खरी."

"आम्ही नेहमी खरीच करतो."

तो माझ्याकडे बघत राहिला. रागानं नाही. राग असता तर मला सोपं गेलं असतं. "नाही," तो म्हणाला. "नऊ वर्षांत एकदाही नाही. तुम्ही सगळे हात सोडता. दरवर्षी, पहिल्या वळणाच्या आधी."

"हे तुम्हाला कोणी सांगितलं?"

"पाण्यानं."

माणूस सांगणाऱ्याचं नाव लपवतो तेव्हा असंच काही तरी बोलतो, असं मला वाटलं.

"ऐक," तुआन म्हणाला. "मी हरलो तेव्हा आम्ही नऊ जण होतो. इथं जिंकतो तेव्हा एकटाच असतो. कचेरीत मी बोलतो, सगळे हो म्हणतात. नदीवर उतरतो, सगळे मागे राहतात. नऊ वर्षं मी या गावात आहे आणि कोणी माझ्या शेजारी आलं नाही. घरी जाऊन मी फार दिवस काढणार नाही, डॉक्टरनं सांगितलंय. एकदा ये. जमलं तर मला मागे टाक. एवढंच मागतोय." एवढं लांब तो कधीच बोलला नव्हता. बोलून झाल्यावर त्याला धाप लागली.

मी तिथून निघालो तो तडक देरामानच्या घरी. त्या आठवड्यात तो बंगल्याचं छप्पर शाकारत होता, आणि त्याच्या जिभेला हाड नाही हे सगळ्या नदीला ठाऊक होतं. तो जिन्यावर बसून विडा लावत होता.

"तुआनला सांगितलंस तू."

"काय सांगितलं?"

"आपण हात सोडतो ते. दुसरं कोण सांगणार? आठवडाभर त्याच्या डोक्यावर बसला आहेस."

"छपरावर बसलोय, डोक्यावर नाही," देरामान म्हणाला. "आणि मी सांगितलं असतं तर तुझी कण्हण्याची नक्कलसुद्धा करून दाखवली असती. पान खा, डोकं थंड होईल."

"तुझं पान नको मला. माणसाची आयुष्यभराची लाज काढलीस आणि वर दात काढतोस."

तेव्हा तो हसायचा थांबला. "आलांग, आईशपथ, मी नाही सांगितलं."

"तुझ्या आईला मध्ये आणू नकोस. आजपासून माझ्या जिन्यावर पाऊल ठेवायचं नाही." असं म्हणून मी त्याचं लावलेलं पान पायानं उडवलं. आमच्याकडे हे थोबाडीत मारण्यापेक्षा वाईट. त्याच्या बायकोनं ते दारातून पाहिलं.

घरी येऊन सगळं सांगितलं तर सपिया म्हणाली, "मग कर ना खरी शर्यत. त्या बिचाऱ्यानं काय राज्य मागितलंय?"

"पोट फुगलं तर?"

"तुझं फुगलेलंच आहे," ती म्हणाली.

पहाटे धुकं होतं. झाडापाशी आम्ही दोघं होड्या शेजारी लावून थांबलो. त्यानं मान हलवली आणि निघालो. खरंच सांगतो, मी मनापासून निघालो. तो आजारी होता तरी पहिल्या दहा हातांत होडीभर पुढे गेला. मग मी त्याला गाठायला लागलो. वळणाच्या आत माझ्या डोणीचं टोक त्याच्या कोपराशी आलं. तुआनचे दात दिसत होते. तो हसत होता, तोंड उघडं टाकून, पिवळे डोळे मोठे करून, आणि त्याच्या गळ्यातून कसला तरी आवाज येत होता. त्या क्षणी तो पुन्हा बावीस वर्षांचा झाला असावा. अजून चार हात मारले असते तर मी पुढे गेलो असतो.

माझे हात ढिले पडले. पोट फुगायची भीती म्हणा, नऊ वर्षांची सवय म्हणा, किंवा त्या काडीसारख्या मनगटांची कीव आली म्हणा. मी पुष्कळ विचार केला आहे आणि मला वाटतं कीवच असावी, आणि तीच सगळ्यांत वाईट. वल्हं पाण्यात गेलं आणि जोर लागला नाही. तोंड मात्र मी वेडंवाकडं करत राहिलो.

तुआननं माझ्या तोंडाकडे पाहिलंच नाही. त्यानं माझ्या डोणीच्या कडेला पाण्याकडे पाहिलं. मग त्यानं आपली दोन्ही वल्ही उचलली आणि होडी आपोआप घसरत धक्क्याला लागली. मी मागून पोचलो तेव्हा तो उतरून उभा होता. त्यानं माझा हात हातात घेतला.

"चांगली शर्यत झाली, आलांग."

तो गेला. होडी माझ्यासाठी ठेवून गेला, तशी चिठ्ठी कचेरीतल्या कारकुनाकडे होती. पुढच्या भाताच्या आधी त्याच कारकुनानं सांगितलं की तुआन हॅलम बहिणीच्या घरी वारला. मी दोन दिवस जेवलो नाही. होडी टांगून ठेवली आणि तिच्याकडे पाठ करून पंधरा वर्षं काढली. देरामान एकाच गावात, दोन जिन्यांच्या अंतरावर. तो शुक्रवारी मशिदीत माझ्यामागच्या रांगेत बसायचा आणि मी वळून बघायचो नाही. त्याच्या मुलीच्या लग्नाला सगळं गाव जेवलं. मी घरी सुकट आणि भात खाल्ला. आपण एका चुगलखोराला धडा शिकवतोय, असं मला वाटत होतं.

यंदा भात घरात आल्यावर सपियानं पुन्हा चुलीचं काढलं. तेव्हा मी चिडून होडी खाली उतरवली, फटी राळेनं बुजवल्या आणि धक्क्यावर नेली. माझा जावई सोहोर डोणी घेऊन मागे आला. चांगला दणकट गडी आहे, गेली दोन वर्षं शर्यत तोच जिंकतो.

"बापा, पडाल हं," तो म्हणाला.

"पडलो तर काढ. आणि ये माझ्याशी शर्यतीला, धक्क्यापर्यंत."

तुआनसारखा मी पाठ पुढे करून बसलो. दोन्ही वल्ही ओढली. आणि आयुष्यात पहिल्यांदा मी माझ्या वल्ह्यामागचं पाणी पाहिलं. आम्ही पुढे बघून वल्हवणारी माणसं. वल्हं पाण्यातून निघालं की त्यानं मागे काय ठेवलं हे आम्ही जन्मात बघत नाही. इथं माझ्या डोळ्यांसमोर, प्रत्येक ओढीमागे, एक भोवरा उठत होता. जोरात ओढलं की खोल आणि फेसाळ, अर्धवट ओढलं की उथळ. त्यांच्या दोन रांगा माझ्यापासून दूर दूर जात होत्या.

मी मान वर केली. मागून सोहोर येत होता, त्याच्या वल्ह्याशीही भोवरे उठत होते. तो जवळ आला, अगदी माझ्या कोपराशी आला. मग त्याचे भोवरे थांबले. वल्हं तसंच आत जात होतं, खांदे तसेच हलत होते, तो दात खात होता. पण पाणी सपाट होतं.

"सोहोर," मी म्हणालो, "हात का सोडलास?"

"नाही हो बापा. जीव तोडून मारतोय."

मी वल्ही उचलली. पाण्यानं सांगितलं, असं तो म्हणाला होता. दुसरं कोणी नव्हतंच सांगायला. नऊ वर्षं, नऊही वेळा, तो आमच्या समोर बसून हे बघत होता. आम्ही कण्हत होतो आणि तो सपाट पाणी बघत होता, आणि धक्क्यावर उतरून आमचे हात हातात घेत होता.

मी तसाच, वल्ह्यांच्या पाण्यानं भिजलेल्या कपड्यांनिशी देरामानच्या जिन्याशी गेलो. तो वर बसला होता, पाठीत वाकलेला, छपरं शाकारणं सुटलेलं. मी पहिल्या पायरीवर थांबलो आणि खालूनच सगळं सांगितलं, भोवऱ्यांपासून. तो मध्ये एकही शब्द बोलला नाही, ही त्याच्या आयुष्यातली पहिली वेळ असेल.

"म्हणजे तू नव्हतास सांगितलं," मी म्हणालो.

"हे मी तुला तेव्हाच बोललो होतो," देरामान म्हणाला. "आईची शपथ घेऊन."

"माझं चुकलं."

देरामानच्या बायकोनं आतून पानाचा डबा आणला आणि माझ्याकडे न बघता आमच्या मध्ये ठेवला. मी पान घेतलं. मी रडत होतो, त्याची मला लाज वाटली नाही.

"उद्या पहाटे ती होडी पाण्यात घाल," देरामान म्हणाला. "मी डोणी आणतो. आणि ऐक, मी काही तुझा जावई नाही."

दुसऱ्या दिवशी आम्ही दोन म्हातारे झाडापासून निघालो. त्याची पाठ वाकलेली आणि माझ्या हातांना उलट्या वल्ह्यांची सवय नाही. काठावर असतं कोणी तर हसून मेलं असतं. मी पुढे होतो, आणि मागून तो शिव्या देत येत होता. प्रत्येक शिवीबरोबर त्याच्या वल्ह्याशी भोवरा उठत होता, खोल, फेसाळ. तो माझ्या पायांशी आला, मग गुडघ्याशी, मग कोपराशी. मी सगळा जीव लावून ओढलं. त्याचे भोवरे थांबले नाहीत. तो माझ्या शेजारी आला. धापा टाकत, लाळ गाळत, माझ्याकडे न बघता तो पुढे निघून गेला, आणि मी उलटा बसलो होतो म्हणून मला दिसेनासा झाला. समोर फक्त त्याचे आणि माझे भोवरे एकत्र फिरत राहिले.

चार हात मारायचे होते मला त्या धुक्याच्या पहाटे. तुआननं नऊ वर्षांत माझ्याकडे मागितलं ते तेवढंच.